अधिकारी मंत्री कसा होतो? के. आर. नारायणन यांची गोष्ट, कोकणातून बघितलेली

टीव्हीवर परराष्ट्र मंत्री जयशंकर दिसले की आमच्याकडे रत्नागिरीत कोणीतरी हमखास म्हणतंच, हा माणूस आधी अधिकारी होता ना, मग थेट मंत्री कसा काय झाला, इथे तर पंचायत समितीच्या तिकिटासाठी पोरं वर्षानुवर्षं बॅनर लावत फिरतात. प्रश्न रास्त आहे. पण त्याच्या आधी एक गोंधळ सोडवायला हवा, कारण राजदूत, परराष्ट्र सचिव आणि परराष्ट्र मंत्री ही तिन्ही माणसं बहुतेकांच्या डोक्यात एकच असतात, सूट घालून विमानातून उतरणारी आणि हात मिळवत फोटो काढणारी. अभ्यासिकेत बसून यूपीएससी करणाऱ्या पोरांनासुद्धा विचारलं तर व्याख्या तोंडपाठ असते, पण सचिवाला मंत्र्याचं ऐकावं लागतं तर मग मंत्र्याला कोणाचं ऐकावं लागतं, इथे गाडी अडते.

मला वाटतं हे समजून घ्यायला जयशंकरांपेक्षा के. आर. नारायणन यांचं उदाहरण जास्त कामाचं आहे. बऱ्याच जणांना ते फक्त राष्ट्रपती म्हणून आठवतात, पण त्याआधी हा माणूस पत्रकार होता, परराष्ट्र सेवेत अधिकारी होता, राजदूत होता, कॉलेजात शिकवायचा, कुलगुरू झाला, खासदार झाला, मंत्री झाला. एवढ्या खुर्च्या एकाच माणसाने बघितल्या की प्रत्येक खुर्चीवर बसून उत्तर कोणाला द्यावं लागतं हे आपोआप कळतं, आणि माझ्या मते या सगळ्या विषयाची चावी तीच आहे. पगार, बंगला, लाल दिवा वगैरे नंतरच्या गोष्टी.

जन्म केरळातल्या कोट्टायम जिल्ह्यात उळवूर गावचा, तेव्हाच्या त्रावणकोर संस्थानातला. अधिकृत वर्ष १९२०. घर दलित, वडील वैद्यकी करायचे आणि पैशाची कायम ओढाताण. शाळा लांब, रोजची पायपीट पंधरा किलोमीटरच्या आसपास, फी थकली की वर्गाबाहेर उभं राहून ऐकायचं, पुस्तकं परवडत नाहीत म्हणून भाऊ दुसऱ्यांची पुस्तकं हाताने उतरवून द्यायचा. पुढे १९४३ मध्ये हाच मुलगा इंग्रजी साहित्यात एमए करताना विद्यापीठात पहिला आला. मग थोडे दिवस वर्तमानपत्रात नोकरी, हिंदूमध्ये आणि टाइम्स ऑफ इंडियात, आणि त्या काळात १९४५ च्या एप्रिलमध्ये मुंबईत गांधीजींची मुलाखतसुद्धा घेतली. त्याच वर्षी टाटांची स्कॉलरशिप मिळाली आणि स्वारी लंडन स्कूल ऑफ इकॉनॉमिक्सला. मंडणगड तालुक्यातलं आंबडवे ज्यांचं मूळ गाव त्या बाबासाहेबांनीही त्याच संस्थेतून १९२३ मध्ये डॉक्टरेट घेतली होती, आणि तेही पुढे मुंबईच्या सरकारी लॉ कॉलेजचे प्रिन्सिपल आणि मग १९४७ मध्ये देशाचे कायदामंत्री झाले. म्हणजे मास्तर मंत्री होणं हे काही आजकालचं फॅड नाही.

आता नोकरी कशी लागली ते ऐका, हा किस्सा स्वतः नारायणन यांनीच नंतर सांगितलेला आहे. लंडनमध्ये त्यांचे प्राध्यापक होते हॅरल्ड लास्की, राज्यशास्त्रातलं मोठं नाव. १९४८ मध्ये परत येताना लास्कींनी नेहरूंच्या नावाने एक पत्र दिलं. दिल्लीत भेटीची वेळ मिळाली, नेहरूंनी लंडनबद्दल चार गोष्टी विचारल्या, आणि वेळ संपत आली हे ओळखून नारायणन उठले आणि निघता निघता ते पत्र हातात देऊन बाहेर पडले. गोल व्हरांड्यातून अर्ध्यावर पोचतात तोच मागून टाळी वाजवल्याचा आवाज, वळून बघतात तर पंतप्रधान स्वतः दारात उभे राहून परत बोलावतायत. पत्र आधी का दिलं नाही म्हणून विचारलं. नारायणन यांचं म्हणणं, जाताना दिलं तरी चालेल असं वाटलं. आपल्याकडे शिफारसपत्र असलं की माणूस ते दारातूनच नाचवत आत शिरतो, त्यामुळे मला हा प्रसंग जरा जास्तच आवडतो.

१९४९ मध्ये ते परराष्ट्र सेवेत लागले. खातं तेव्हा अगदी नवीन होतं, सेवा उभी करायचा निर्णयच ऑक्टोबर १९४६ चा, त्यामुळे सुरुवातीला काही माणसं परीक्षेशिवायही घेतली गेली. आज तसं होत नाही, आज यूपीएससी पास व्हा, रँक चांगली आणा, तरच.

पहिलं पोस्टिंग रंगून. रत्नागिरीकरांना ब्रह्मदेश म्हटला की डोळ्यासमोर थिबा पॅलेसच येतो, कारण इंग्रजांनी तिथल्या शेवटच्या राजाला १८८५ मध्ये पदच्युत करून नंतर इथे आणून ठेवला आणि १९१६ मध्ये तो इथेच वारला. तेव्हा आपल्याकडून तिकडे आणि तिकडून आपल्याकडे माणसं पाठवायची ती इंग्रजांच्या हुकमाने. १९४८ मध्ये ब्रह्मदेश स्वतंत्र झाला, आपण आधीच झालो होतो, आणि आता दोन्ही देशांना एकमेकांशी पहिल्यांदाच आपल्या तोंडाने बोलायचं होतं. हे बोलायचं काम ज्यांच्याकडे असतं ते राजनैतिक अधिकारी. तिथल्या वर्तमानपत्रात काय छापून येतंय, कोण मंत्री वर चाललाय, कोणाशी करार होईल, आपल्या माणसांचे पासपोर्ट, व्हिसा, अडचणी, सगळं बघायचं आणि रोज दिल्लीला कळवायचं. स्वतःचं मत कळवता येतं, पण दिल्लीने एकदा धोरण ठरवलं की मत खिशात आणि धोरण तोंडावर. म्हणजे अधिकारी उत्तर देतो ते वरिष्ठाला, वरिष्ठ सचिवाला, सचिव मंत्र्याला. पब्लिकशी त्याचा थेट संबंध नाही.

रंगूनमध्येच त्यांची ओळख मा टिंट टिंट यांच्याशी झाली आणि १९५१ मध्ये दिल्लीत लग्न. यात एक भानगड होती, परराष्ट्र सेवेतल्या अधिकाऱ्याला परदेशी नागरिकाशी लग्न करायची मुभा नव्हती, नेहरूंनी खास परवानगी दिली तेव्हा जमलं. नियम तसा का, तर या माणसाकडे देशाची गुपितं असतात, उद्या दोन देशांचं वाजलं तर घरातच पेच नको. लग्नानंतर त्यांचं नाव उषा झालं, आणि पुढे राष्ट्रपती भवनातही याच उषा नारायणन.

नंतर टोकियो, लंडन, कॅनबेरा, हनोई असं फिरणं झालं, मध्येच दिल्ली स्कूल ऑफ इकॉनॉमिक्समध्ये शिकवलंसुद्धा. मग राजदूत म्हणून थायलंड, तुर्कस्तान आणि १९७६ मध्ये चीन.

राजदूत नेमणं म्हणजे ऑर्डर काढली आणि तिकीट बुक केलं असं नसतं. आधी नाव समोरच्या देशाला गुपचूप कळवायचं, त्यांनी हो म्हटलं तरच जाहीर करायचं. ते नाही म्हणू शकतात, आणि नाही का म्हटलं हे सांगायचं बंधन त्यांच्यावर नाही, १९६१ च्या व्हिएन्ना करारातच तशी सोय आहे. मग राजदूत तिथे जाऊन त्या देशाच्या प्रमुखाच्या हातात आपल्या राष्ट्रपतींचं पत्र देतो, की हा आमचा माणूस, याचं बोलणं ते आमचं बोलणं. ते पत्र देईपर्यंत तो कागदोपत्री अर्धाच राजदूत. आणि दोन देशांचं बिनसलं तर पहिली गोष्ट होते ती हीच, राजदूत परत बोलावतात. दूतावासाला कुलूप लागतंच असं नाही, खालच्या दर्जाचा अधिकारी चार्ज घेऊन व्हिसा वगैरे कामं चालू ठेवतो, पण वरच्या पातळीवरचं बोलणं बंद.

चीनशी आपलं नेमकं तसंच झालं होतं. १९६२ चं युद्ध व्हायच्या आधीच राजदूत परत आले होते आणि तब्बल पंधरा वर्षं तिथे आपला राजदूतच नव्हता. ती खुर्ची परत भरायचं ठरलं तेव्हा नाव निघालं नारायणन यांचं. आणि वेळ तरी कसली, ते बीजिंगला पोचले त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये माओ गेला, पुढे सत्ता कोणाकडे जाणार हे तिथल्यांनाच धड माहीत नाही, आणि याने रोज दिल्लीला कळवायचं काय चाललंय ते. असल्या पोस्टिंगमध्ये राजदूताचं यश दिसत नाही, काही वाकडं घडलं नाही हेच यश, आणि जे घडलं नाही त्याची बातमी कोण छापणार?

१९७८ मध्ये रिटायर झाले आणि १९७९-८० मध्ये जेएनयूचे कुलगुरू. कुलगुरू म्हणजे परत नेमणूकच, पण इथे वेगळाच प्रकार. परराष्ट्र खात्यात वरून सांगितलं की खालचे ऐकतात, विद्यापीठात कुलगुरूने सांगितलं की पोरं आधी विचारतात का म्हणून. आणि तेही जेएनयूची पोरं. राजकारणात जायच्या आधी याहून चांगली शिकवणी मिळाली नसती असं माझं प्रामाणिक मत आहे.

त्यानंतर इंदिरा गांधींनी त्यांना १९८० मध्ये अमेरिकेत राजदूत म्हणून पाठवलं. रिटायर माणसाला परत कसं पाठवलं? पाठवता येतं, राजदूत सेवेतला अधिकारीच हवा असं कुठे नाही, सरकार निवृत्त माणसाला, राजकारण्याला, प्राध्यापकालाही पाठवू शकतं. तेव्हा वॉशिंग्टनच्या टेबलावर जे भिजत घोंगडं पडलं होतं ते आपल्या किनाऱ्याशी संबंधित होतं, तारापूर. तिथलं अणुवीज केंद्र १९६९ मध्ये सुरू झालं ते अमेरिकेच्या मदतीने, आणि इंधन अमेरिकेनेच पुरवायचं असा १९६३ चा करार होता, तीस वर्षांचा. १९७४ मध्ये आपण पोखरणला अणुचाचणी केली, अमेरिकेने १९७८ मध्ये कायदा कडक केला आणि युरेनियम अडकलं. आपण म्हणायचो करार म्हणजे करार, ते म्हणायचे आमचा नवा कायदा आडवा येतो, आणि दोघांनाही माघार घेतल्यासारखं दिसायला नको. १९८२ च्या जुलैमध्ये इंदिराबाई अमेरिकेत गेल्या तेव्हा तोडगा निघाला, करार मोडायचा नाही, पण इंधन फ्रान्सने द्यायचं. कोणाचंच नाक कापलं गेलं नाही आणि वीज चालू राहिली. यातलं श्रेय एकट्या राजदूताला द्यायला मी जाणार नाही, पण राजनैतिक काम म्हणजे नेमकं काय ते दाखवायला मला तारापूरहून सोपं उदाहरण सापडत नाही. पालघरकडच्या किती जणांना माहीत असेल की त्यांच्या शेजारच्या अणुभट्टीसाठी एवढी कसरत झाली होती?

आता मंत्री. घटनेचं कलम ७५ सांगतं की मंत्री झालेल्या माणसाने सहा महिन्यांच्या आत संसदेत यायला पाहिजे, लोकसभेत किंवा राज्यसभेत, नाहीतर मंत्रिपद जातं. म्हणजे उद्या पंतप्रधानांच्या मनात आलं तर ते कोणालाही शपथ द्यायला लावू शकतात, रिटायर सचिवाला, प्राध्यापकाला, तुम्हाला, मला, फक्त सहा महिन्यांत सीट मिळवायची. जयशंकरांचं तसंच झालं, ३० मे २०१९ ला शपथ, जुलैमध्ये गुजरातमधून राज्यसभा. राज्यसभेला आमदार मत देतात, म्हणजे पक्षाकडे आमदार पुरेसे असले की निम्मं काम झालं. यात बेकायदा काही नाही आणि जाणकार माणसाला आत आणायचा हाच रस्ता असतो.

नारायणन दुसऱ्या दाराने गेले. १९८४ च्या शेवटी राजदूतपद सोडून ते केरळातल्या ओट्टापालम या राखीव मतदारसंघातून काँग्रेसतर्फे लोकसभेला उभे राहिले. वय चौसष्ट, अर्धं आयुष्य परदेशात, आणि आता भर बाजारात हात जोडत फिरायचं. समोर मार्क्सवादी पक्षाचे ए. के. बालन, नंतरच्या वेळी सिनेमावाले लेनिन राजेंद्रन. १९८४, १९८९, १९९१, तिन्ही वेळा निवडून आले. एकदाची जीत लाटेवर ढकलता येते, १९८४ मध्ये लाट होतीच, पण १९८९ मध्ये काँग्रेसची दिल्ली गेली तरी यांची सीट राहिली.

कोकणाने हे दोन्ही नमुने बघितलेत. चिंतामणराव देशमुख, रायगडाजवळच्या नाते गावचे, आयसीएस अधिकारी, रिझर्व्ह बँकेचे पहिले भारतीय गव्हर्नर, १९४४ मध्ये जगाची नाणेव्यवस्था ठरवणाऱ्या ब्रेटन वुड्सच्या परिषदेत भारताच्या वतीने बोलायला गेलेले. १९५० मध्ये ते अर्थमंत्री झाले आणि मग १९५२ मध्ये कुलाब्यातून, म्हणजे आताच्या रायगड जिल्ह्यातून, लोकसभेवर. आधी खुर्ची, मग मतं. पण १९५६ मध्ये मुंबईच्या प्रश्नावर राजीनामा दिला तो याच माणसाने, आणि नंतर विद्यापीठ अनुदान आयोग, दिल्ली विद्यापीठाचं कुलगुरूपद असं उलट शिक्षणाकडे वळले. दुसरे आमच्या राजापूरचे मधु दंडवते, मुंबईत सिद्धार्थ कॉलेजात फिजिक्स शिकवायचे, १९७१ पासून राजापूर मतदारसंघाने त्यांना सलग पाच वेळा लोकसभेत पाठवलं. रेल्वेमंत्री झाले तेव्हा सेकंड क्लासच्या लाकडी फळ्यांवर दोन इंचाचा फोम त्यांनीच आणला. गणपतीला रात्रभराचा प्रवास करून येणाऱ्या चाकरमान्याला विचारा त्या दोन इंचांची किंमत.

अधिकारी आणि मंत्री यातला फरक समजायला रत्नागिरीच्या मिरकरवाडा जेटीवर जा. तांडेलाला, म्हणजे नौका चालवणाऱ्याला, दर्या माहीत असतो, जाळं कुठे टाकायचं, वारा कधी फिरेल, सगळं. पण डिझेल भरायचं की नाही, नौका आज सोडायची की नाही हे मालक ठरवतो, कारण बुडालं तर कर्ज त्याच्या नावावर. सचिव म्हणजे तांडेल. तो फाईलवर लिहितो की असं करावं, किंवा यात असा धोका आहे, आणि सही मंत्री करतो. मग लोकसभेत प्रश्न आला की उभं राहून उत्तर मंत्र्यानेच द्यायचं, माझ्या सचिवाने चुकीचं सांगितलं म्हणून हात झटकता येत नाहीत. आणि तांडेलच पुढे मालक झाला तर? फायदा हा की त्याला कोणी गंडवू शकत नाही, हाताखालच्यांचे सगळे बहाणे त्याने स्वतः कधीतरी वापरलेले असतात. तोटा हा की तो सुकाणू सोडायला तयार होत नाही, सचिवाचं कामही स्वतःच करत बसतो. असे मंत्री आपण पाहिलेत, नावं घ्यायची गरज नाही.

राजीव गांधींच्या सरकारात नारायणन आधी नियोजन, मग परराष्ट्र, मग १९८६ ते १९८९ विज्ञान आणि तंत्रज्ञान या खात्यांचे राज्यमंत्री होते. राज्यमंत्री म्हणजे कॅबिनेटच्या खालचा दर्जा, कॅबिनेटच्या बैठकीला बोलावलं तरच जायचं. गंमत बघा, देशाचा राष्ट्रपती झालेला हा माणूस कॅबिनेट मंत्री कधीच झाला नाही. विज्ञान खात्यात असताना मोठा मुद्दा पेटंटचा होता. आपल्या १९७० च्या कायद्यात औषधाच्या पद्धतीला पेटंट मिळायचं, औषधाला नाही, म्हणजे तेच औषध वेगळ्या पद्धतीने बनवलं की चालायचं, आणि त्यामुळे गोळ्या स्वस्त. बाहेरच्या देशांचा दबाव होता की हे बदला, आणि नारायणन त्या दबावाच्या विरोधात उभे राहिले. पुढे जागतिक व्यापार संघटनेच्या करारामुळे २००५ मध्ये कायदा बदलावा लागलाच, पण तोवर आपल्या औषध कंपन्यांनी बस्तान बसवून घेतलं होतं.

१९९२ मध्ये उपराष्ट्रपती, आणि २५ जुलै १९९७ ला राष्ट्रपती. निवडणुकीत समोर होते टी. एन. शेषन, म्हणजे तिथेही लढत दोन माजी नोकरशहांचीच. आणि इथे उत्तर कोणाला द्यायचं हा प्रश्न पुन्हा फिरला. राष्ट्रपतीने मंत्रिमंडळाच्या सल्ल्याने चालायचं, सही करायची, असा नियम. पण १९७८ च्या घटनादुरुस्तीने एक फट ठेवली आहे, सल्ला पटला नाही तर एकदा परत पाठवता येतो, फेरविचार करा म्हणून, आणि मंत्रिमंडळाने तोच पुन्हा पाठवला तर मात्र सही करावीच लागते. नारायणन यांनी ती फट वापरली. ऑक्टोबर १९९७ मध्ये उत्तर प्रदेशात मुख्यमंत्री कल्याणसिंहांनी विश्वासमत जिंकल्यावरही गुजराल सरकारने राष्ट्रपती राजवटीची शिफारस केली, यांनी फाईल परत पाठवली, सरकारने विषय सोडून दिला. सप्टेंबर १९९८ मध्ये वाजपेयी सरकारने बिहारसाठी तेच केलं, यांनीही तेच केलं. तिथे मात्र सरकारने फेब्रुवारी १९९९ मध्ये पुन्हा शिफारस पाठवली, राजवट लागली, आणि राज्यसभेत बहुमत नसल्यामुळे महिन्याभरात सरकारलाच ती मागे घ्यावी लागली. फाईलवर फेरविचार लिहून परत पाठवणं ही सवय माझ्या मते साउथ ब्लॉकमधली, म्हणजे परराष्ट्र खात्यातली, नकार द्यायचा पण दार न आपटता.

मार्च २००० मध्ये क्लिंटन आले तेव्हाच्या मेजवानीतलं भाषणही त्याच घराण्यातलं. जग हे एक गाव झालं असलं तरी ते एकट्या पाटलाने चालवायचं असा त्याचा अर्थ होत नाही, असं एका आफ्रिकन नेत्याचा हवाला देत त्यांनी अमेरिकेच्या अध्यक्षांसमोर सुनावलं. राजदूत असताना हे वाक्य तोंडातून काढता आलं नसतं.

राहिला एक प्रश्न, अधिकाऱ्याने नोकरी सोडून राजकारणात येताना मधे काही काळ थांबावं की नाही. नोकरीत असताना पक्षात जाता येत नाही, निवडणूक लढवता येत नाही, हे नियमात स्पष्ट आहे, पण राजीनामा मंजूर झाला की दुसऱ्या दिवशी पक्षाचा गमछा घातला तरी कायदा आडवा येत नाही. रिटायर होऊन खासगी कंपनीत जायचं तर ठरावीक काळ थांबावं लागतं किंवा परवानगी काढावी लागते, राजकारणासाठी मात्र तसं काही नाही. हे प्रकरण सुप्रीम कोर्टातही गेलं होतं, २०२२ मध्ये कोर्टाने सांगितलं की असा नियम करायचा की नाही हे कायदेमंडळाने ठरवावं. मला विचाराल तर निदान दोन वर्षं थांबायला लावावं, कारण खुर्चीत असताना घेतलेले निर्णय पुढच्या तिकिटावर डोळा ठेवून घेतले की काय हा संशय तरी राहणार नाही. नारायणन यांचं उदाहरण मात्र इथे कोणाच्याच कामाला येत नाही. १९७८ मध्ये सेवा संपली आणि १९८४ मध्ये निवडणूक, मधे सहा वर्षं, म्हणून एक बाजू म्हणते बघा थांबले होते, आणि त्यातली शेवटची चार इंदिरा गांधींच्या नेमणुकीवर वॉशिंग्टनमध्ये गेली, म्हणून दुसरी म्हणते कुठे थांबले होते.